खिडकीसमोरचा खिळा

मागच्या टेबलांवर बुटकी माणसं बसवायची, ही अक्कल त्या सिनेमाच्या स्टुडिओत पहिल्यांदा फूटपट्टी नावाच्या माणसाने आणली. त्याआधी मेजवानीचा प्रसंग म्हटला की कापडावर रंगवलेला दिवाणखाना मागे टांगायचा आणि पुढे चार नट उभे करायचे. वारा आला की भिंतींना लाटा यायच्या. फूटपट्टीने लाकडी चौकटींच्या घट्ट भिंती उभ्या केल्या, मागचे खांब पुढच्यांपेक्षा हातभर आखूड केले, मागच्या खुर्च्या पोरांच्या मापाच्या केल्या आणि त्यांच्यावर सगळं शहर हुडकून आणलेली बुटकी माणसं बसवली. पंचवीस फुटांची जागा पडद्यावर शंभर फुटांची दिसली. एक गडी मात्र नटीला जवळून बघायच्या नादात मागचं टेबल सोडून पुढे आला. प्रेक्षकांनी बघितलं ते असं, की चांगला धिप्पाड माणूस ताटावरून उठतो आणि चालता चालता त्याचा बुटका होतो. लोक पोट धरधरून हसले. मालकाने तो तुकडा कापला नाही.

एवढी अक्कल असलेला हा माणूस टपालवाल्याची टोपी दिसली तरी रंगाच्या कोठीत जाऊन लपायचा.

मागच्या खिशात घडीची लाकडी पट्टी असायची म्हणून त्याला फूटपट्टी म्हणायचे. खरं नाव परक्या मुलखातलं, इथल्या जिभांना जड. ते नीट घ्यायचा प्रयत्न कुणी केला नाही आणि त्यानेही आग्रह धरला नाही. त्यातच त्याची सोय होती. बाहेरून आलेल्या माणसाला लोक दोनच प्रश्न विचारतात: कुठून आलास, आणि परत कधी जाणार. तुला येतं काय, हा प्रश्न त्याला एकट्या मालकाने विचारला. तोही माणुसकी म्हणून नाही, तर त्या दिवशी सुतार आला नव्हता म्हणून.

आपल्या मुलखात फूटपट्टी फिरत्या नाटक कंपनीचे पडदे रंगवायचा. इथे तो हातोडी घेऊन आला आणि तीन वर्षांत स्टुडिओचा प्रत्येक महाल, झोपडी, तुरुंग आणि आगबोट त्याच्या हातची होऊ लागली. आता या कामाला कला दिग्दर्शक असा भारदस्त शब्द आहे. तेव्हा हजेरीपुस्तकात ‘सुतार, वरचा’ एवढंच लिहायचे. सिनेमा अजून मुका होता. स्टुडिओ म्हणजे काचेच्या छताची एक अवाढव्य खोली, कारण दिव्यांवर भागत नसे, ऊन लागायचं. छताखाली पातळ पांढरी कापडं दोरीने मागेपुढे ओढून ऊन कमीजास्त करायचं. आभाळ आलं की काम बंद.

या सगळ्यात तो खूश असायला हवा होता. पण दर वर्षी परवान्याचा महिना जवळ आला की त्याचं जेवण सुटायचं.

राहण्याचा परवाना दर वर्षी नवा करून घ्यावा लागे. त्या फॉर्मवर सातवा प्रश्न होता: यापूर्वी आपणांस या देशात प्रवेश नाकारण्यात आला आहे काय? फूटपट्टी त्यापुढे ‘नाही’ लिहायचा. हे ‘नाही’ खोटं होतं. नऊ वर्षांपूर्वी तो आणि त्याची बायको पहिल्यांदा बोटीने आले, तेव्हा बंदरातल्या चौकशीच्या खोलीत त्याला अकरा दिवस डांबून ठेवलं होतं आणि बाराव्या दिवशी दोघांना परतीच्या बोटीत घातलं होतं. सात महिन्यांनी ती दोघं डोंगराकडच्या वाटेने, लाकडं वाहणाऱ्या गाडीतून पुन्हा आली. या खेपेला त्याने आजोळचं आडनाव लावलं. वर्षभराने लेक झाली, ती इथेच. पण कायदा असा, की बाप जिथला तिथलीच लेक. नाकारलेला माणूस आडनाव बदलून परत आलाय हे उघडकीला आलं, तर आधी तुरुंग आणि मग तिघांची रवानगी. ज्या मुलखातून जीव घेऊन निघाले, त्याच मुलखात.

त्याने कुणाचं काही चोरलं नव्हतं. तरी दारावर थाप पडली की त्याची बायको आधी लेकीचे बूट हातात घ्यायची आणि मग दार उघडायची.

आणि मग तो सिनेमा आला. बापाला शोधत परमुलखात उतरलेली मुलगी, आणि बंदरावर तिची होणारी चौकशी.

“दोन मिनिटांचा प्रसंग आहे,” मालक म्हणाला. मालक स्वतःच दिग्दर्शक होता, त्यामुळे त्याला अडवणारं कुणी नव्हतं. “पण बघणाऱ्याच्या पोटात गोळा आला पाहिजे. चौकशीची खोली. कर तुझ्या मनासारखी.”

“मालक, हे दुसऱ्या कुणाला...”

“दुसरा कोण आहे? मी बांधू?”

फूटपट्टी एरवी एकेक नकाशा चारदा खोडायचा. हा नकाशा त्याने एका बैठकीत काढला आणि रबराला हात लावला नाही. त्यातच त्याला कळायला हवं होतं. कळलं नाही. चार दिवसांत भिंती उभ्या राहिल्या. बाक, टेबल, उंचावरची लहान खिडकी, सगळं झालं. रंगाची वेळ आली तेव्हा त्याने डबे स्वतः उचलले आणि कुणाला जवळ येऊ न देता भिंती स्वतःच रंगवल्या.

रंगाची कोठी मावशीच्या ताब्यात होती. तिचा नवरा स्टुडिओत रंगारी होता. तो गेल्यावर मालकाने त्याच्याकडच्या बादल्या परत मागवल्या, तर ही बादल्या घेऊन आली आणि परत गेलीच नाही. कोणता रंग पडद्यावर कसा उतरेल, हे तिच्याइतकं खुद्द कॅमेरावाल्यालाही सांगता येत नसे. तोंडाची फाटकी, पण मनात काही ठेवायची नाही.

रंग वाळल्यावर ती बघायला आली आणि कंबरेवर हात ठेवून उभी राहिली.

“हे काय केलंस रे, फूटपट्ट्या?”

“भिंत.”

“भिंत आहे ते दिसतंय. आंधळी नाही मी. खाली लाल आणि वर पिवळा कशाला?”

त्याने ब्रश पुसायला घेतला.

“अरे, तूच ना सगळ्यांना शिकवतोस? ह्या बाबाला,” तिने कॅमेऱ्याकडे बोट केलं, “लाल दिसतच नाही. लाल काळा उतरतो, पिवळा मळकट. त्या दिवशी नटीने ओठ रंगवले तर तोंडात कोळसा धरल्यासारखी दिसत होती. विसरलास? तपकिरी नि राखाडी सोडून तू आजवर कधी दुसरा डबा मागितलास का? ही खोली पडद्यावर एकजात काळी येईल. ही मधली रेघ दिसायचीसुद्धा नाही. मग काढलीस कुणासाठी?”

 फूटपट्टी मागे न बघता बसला, आणि बाक बरोबर त्याच्या खाली होता. बरोबर तेवढ्याच उंचीचा. समोर गुडघ्याएवढा लाल पट्टा, वर पिवळी भिंत. खिडकी मागे, डोक्याच्या वर. त्याने खोली बांधली नव्हती. त्याला आठवली होती, आणि हातांनी ती त्याच्या परवानगीशिवाय उभी केली होती. खरी, खऱ्या रंगांसकट.

मावशीने त्याचा चेहरा बघितला. तिचा आवाज खाली आला.

“किती दिवस होतास तिथे?”

“अकरा.”

“कुणाकुणाला ठाऊक आहे?”

“बायकोला. आता तुला.”

“ऊठ. चुना ओढू वरून. आत्ताच्या आत्ता.”

ती बादलीकडे वळली तेवढ्यात दाराकडून मालकाचा पाहुण्यांसाठी राखून ठेवलेला आवाज आला. “या, या साहेब! असे इकडून या, दोऱ्यांत पाय अडकेल.”

सिनेमात गणवेश दाखवायचे म्हणून मालकाने बंदरातल्या परदेशी खात्याकडे परवानगी मागितली होती, आणि परवानगी देण्याआधी खात्याचा अधिकारी स्वतः बघायला आला होता. उंच, वाळका, स्वच्छ कॉलरचा माणूस. फूटपट्टीने त्याला ओळखलं ते चेहऱ्यावरून नाही. नऊ वर्षांत चेहरा बदलला होता. ओळखलं ते चालण्यावरून, डावं पाऊल जरा घासत टाकायचा त्यावरून. अकरा दिवस तेच पाऊल दाराबाहेर ऐकलं होतं.

अधिकारी खोलीत शिरला आणि बोलता बोलता गप्प झाला. सरळ टेबलाकडे गेला. न बघता खुर्ची ओढून बसला. त्याचा उजवा हात आपोआप टेबलाखाली गेला, घंटीची कळ दाबायला. कळ तिथे होती.

फूटपट्टी एक पाऊल मागे सरकून चौकटीच्या आड झाला. 

“हे कुणी बांधलं?” अधिकाऱ्याने विचारलं.

“हा काय आमचा फूटपट्टी!” मालकाची छाती फुगली. “बाहेरच्या मुलखातला आहे, पण हात बघा कसा आहे!”

मालकाच्या तोंडावर कुणीतरी पिंप उपडं घालायला हवं होतं. अधिकारी खुर्चीतच वळला.

“ही खोली चार वर्षांपूर्वी पाडली आम्ही. गोदाम झालं तिथे. आत फक्त आमची माणसं जायची, आणि ज्यांना परत धाडायचं ती माणसं. तुम्ही कधी बघितलीत?”

फूटपट्टीने तोंड उघडलं. 

“मी सांगितली त्याला,” मावशी म्हणाली. हातातली बादली तिने खाली आदळली. “नवऱ्याबरोबर जायचे मी तिथे चुना मारायला. सरकारी ठेका होता.”

“चुना? त्या भिंतींना तेलाचा रंग होता, बाई.”

“आणि तेलाच्या रंगाखाली काय असतं, साहेब? सरकारचं नाक?”

मालक एवढा खोकला की त्याला पाणी द्यावं लागलं. अधिकारी हसला नाही, पण रागावलाही नाही.

“बरं. मग छत कसं होतं तिथलं?”

“छत बघायला सवड बाकावर बसलेल्यांना. मी काम करत होते.”

ती मस्त खोटं बोलत होती, पापणी न हलवता. फूटपट्टीला वाटलं, निभावलं. तेवढ्यात अधिकारी उठला, खिडकीसमोरच्या पिवळ्या भिंतीजवळ गेला आणि वाकला. लाल पट्ट्याच्या वर दोन बोटांवर एक बारका खिळा होता. बुटाच्या टाचेत असतो तसला, पेराएवढा.

“हा खिळा,” तो हळूच म्हणाला, “मी तीनदा उपटून टाकला. तीनदा परत आला. कधी बोटभर वर, कधी बोटभर खाली. पहारे बदलले, झडत्या घेतल्या, लोकांचे बूट काढून ठेवले. ही खोली मी अकरा वर्षं चालवली, पण ह्या खिळ्याचं काम काय ते मला कळलं नाही. बाई, तुम्हाला माहीत असेल ना?”

“पिशवी टांगायला,” मावशी म्हणाली. पहिल्यांदाच तिचा आवाज जरा डगमगला.

“एवढ्याशा खिळ्याला? पिशवी?” अधिकारी फूटपट्टीकडे वळला. “तुम्ही सांगता?”

सांगितलं असतं तर तोच कबुलीजबाब झाला असता. आणि विचारणाऱ्याच्या डोळ्यांत नुसता सापळा नव्हता, खरीखुरी भूक होती, हे फूटपट्टीला दिसत होतं. त्यामुळे भीती दुप्पट झाली. त्याने कमरेची पक्कड काढली, भिंतीजवळ गेला, आणि कुणीतरी कुठल्यातरी रात्री बुटाने ठोकून बसवलेल्या त्या खिळ्याची नक्कल स्वतःच्या हाताने उपटून काढली.

“चुकून राहिला, साहेब. कामात राहतात असे.”

“हो,” अधिकारी म्हणाला. त्याने तळहात पुढे केला आणि खिळा घेऊन जाकिटाच्या खिशात टाकला. “परवाना कधी नवा करायचाय तुमचा?”

“पुढच्या महिन्यात.”

“माझ्या टेबलावर या.”

तो महिना फूटपट्टीने कसा काढला हे त्याच्या बायकोने पुढे एकदा मावशीला सांगितलं. घास तोंडात ठेवायचा आणि चावायचं विसरायचा. लेक शाळेतून यायला जरा उशीर झाला की कोपऱ्यापर्यंत जायचा, पण कोपरा ओलांडायचा नाही, तिथून नुसता डोकावायचा. खोलीवर राखाडी नि तपकिरी हात फिरला, प्रसंग चित्रित झाला, आणि सिनेमा लागला तेव्हा ती खोली पडद्यावर आल्याबरोबर थेटरात चिडीचूप व्हायचं. मालकाने सगळ्यांना हार घातले. फूटपट्टी आजारी असल्याचा निरोप पाठवून घरी बसला होता.

ठरल्या दिवशी तो अधिकाऱ्याच्या टेबलावर गेला. फॉर्म पुढे केला. अधिकाऱ्याने सातव्या प्रश्नावर बोट ठेवलं, ‘नाही’ वाचलं, आणि टाचण्यांच्या वाटीतून तो खिळा काढून टेबलावर ठेवला.

“कशासाठी होता?”

“माहीत नाही, साहेब.”

अधिकाऱ्याने खिळा परत वाटीत टाकला आणि एका वर्षाचा शिक्का मारला.

पुढच्या वर्षी तेच. त्याच्या पुढच्या वर्षीही तेच. जुन्या नोंदींत दुसरं आडनाव, त्यामुळे हाती पुरावा नाही. सोडून द्यावं तर मन मानत नाही. म्हणून या गृहस्थाने एका माणसाला खिळ्याला टांगून ठेवलं होतं, वर्षातून एकदा हलवून बघायचं, अजून लोंबकळतोय ना. याला कुणी छळ म्हणत नाही, कारण यात आवाज चढत नाही. कागद नीट असतात, शाई चांगली असते.

फूटपट्टीचं काम मात्र वाढत गेलं. त्याने मिठाचा बर्फ पाडला, आरशांच्या तुकड्यांची नदी वाहवली, अख्खं बंदर दहा फुटांच्या टेबलावर बांधलं. दुसऱ्या स्टुडिओंचे मालक त्याला पळवायला बघायचे. पण खोली बांधायला घेतली की आधी मावशीला बोलवायचा आणि विचारायचा, “ही मी कुठे बघितलेली तर नाही ना?” मावशी म्हणायची, “तू बघितलेली मला काय ठाऊक, येड्या?” तरी ती येऊन बघून जायची.

पाचव्या वर्षी नवा कायदा आला. एका वर्षाचे परवाने बंद. ज्याला कायमचा मिळेल तो राहील, बाकीच्यांनी तीन महिन्यांत देश सोडायचा. आणि कायमचा परवाना द्यायचा की नाही, हे टेबलावरच्या साहेबाच्या मर्जीवर.

फूटपट्टी वर्तमानपत्र घेऊन रंगाच्या कोठीत आला आणि डब्यांच्या मागे जाऊन बसला. मावशीने त्याच्याकडून मजकूर वाचून घेतला.

“बस नीट. मला सांग, त्या खिळ्याचं काम काय होतं?”

त्याने पाच वर्षांत पहिल्यांदा कुणाला तरी ते सांगितलं.  मावशीने पदराने नाक पुसलं, आणि मग तिचा पारा चढला.

“आणि हे तू त्याला फुकट सांगायचं नाहीस! पाच वर्षं तो तुझ्याकडे काय मागतोय? भीक मागतोय, भीक! त्याच्या नाकाखाली त्याच्याच खोलीत लोकांनी काहीतरी केलं आणि त्याला कळलं नाही, हे त्याला गिळवत नाही. तू समजतोस तो मांजर नि तू उंदीर. अरे, त्याला पाहिजे ती वस्तू तुझ्याकडे आहे. भाव कर.”

“सांगितलं की कबुली होते, मावशी.”

“आधी शिक्का. मग उत्तर. एकदा कायमच्या परवान्यावर त्याची सही झाली की तो कुणाला जाऊन सांगणार? लबाड माणसाला मीच ठेवून घेतला, असं? सही त्याची, नोकरी त्याची.”

“मला जमणार नाही.”

“जमवायचं. मी साहेब. बोल.” ती उलट्या बादलीवर पाय पसरून बसली आणि हवेतल्या मिशीला पीळ दिला. साहेबाला मिशी नव्हती.

“साहेब, मी...”

“ऐकू येत नाही! घशात ब्रश अडकलाय का?”

“साहेब, आधी तीन कायमचे परवाने...”

“मान वर! मान खाली घालून भाव करतात का कधी?”

आठ दिवस ही शाळा चालली. नवव्या दिवशी ती त्याला घेऊन कचेरीत गेली आणि बाहेरच्या बाकावर बसली. शिपायाने विचारलं, “तुमचं काय काम?” ती म्हणाली, “माझं काम बसायचं. बसू की नको?”

आत टेबल, फॉर्म, टाचण्यांची वाटी. खिळा बाहेर आला. अधिकारी थकलेला दिसत होता. दिवसभर त्याने त्याच खुर्चीत बसून किती घरं उठवली असतील ते त्यालाच माहीत.

“या वर्षी शेवटचं विचारतो,” तो म्हणाला. “कशासाठी होता?”

 स्वतःचा आवाज त्याला दुसऱ्याच कुणाचा तरी वाटला, चिरका.

“सांगतो. आधी तीन कायमचे परवाने. माझा, बायकोचा, लेकीचा.”

अधिकारी खुर्चीत मागे रेलला. “म्हणजे तुम्हाला माहीत आहे.”

“तसं मी म्हटलेलं नाही. तीन परवाने झाले की आठवेल.” हे वाक्य मावशीचं होतं. 

“मी आत्ता घंटी वाजवली तर? दोन माणसं येतील.”

इथवर मावशीने शिकवलं नव्हतं. फूटपट्टीला दार दिसत होतं, दाराबाहेरच्या बाकाचा एक पाय दिसत होता. लेकीची शाळा सुटायला तासभर होता. उठून, पाया पडून, चुकलं म्हणून पळावं, असं त्याच्या सगळ्या अंगाला वाटत होतं. पण पाय उचलेनात. घाबरल्यामुळेच तो बसून राहिला, आणि समोरच्याला ते धाडस वाटलं.

“वाजवा,” तो म्हणाला. “मग मला कधीच आठवणार नाही.”

अधिकाऱ्याचा हात टेबलाखाली गेला. बराच वेळ तिथेच राहिला. मग रिकामाच वर आला. त्याने खणातून तीन कोरे परवाने काढले आणि एकेक भरायला घेतला. टाकाची कुरकुर तेवढी ऐकू येत होती. शिक्का तीनदा आपटला. तीनदा सही झाली. फूटपट्टीने कागद उचलले, शाईवर फुंकर घातली, वाळेपर्यंत थांबला आणि ते सदऱ्याच्या आत, पोटाशी ठेवले.

“बोला,” अधिकारी म्हणाला.

फूटपट्टीने टीपकागदावर पेन्सिलीने भिंत काढली. वर पिवळी, खाली लाल, मध्ये रेघ, रेघेच्या वर खिळा.

“तुमच्या खोलीत घड्याळ नव्हतं. बंदरात दिवसभर भोंगे, कुठला कुणाचा कळत नसे. सकाळचं ऊन खिडकीतून समोरच्या भिंतीवर यायचं. सूर्य चढेल तशी खिळ्याची सावली खाली लांबत जायची. सावलीचं टोक लाल पट्ट्याला लागलं की साडेदहा.”

“साडेदहा,” अधिकारी म्हणाला. परतीची बोट साडेदहाला सुटायची.

“टोक टेकलं आणि आपलं नाव पुकारलं गेलं नाही, म्हणजे आजचा दिवस वाचला. ऋतूप्रमाणे ऊन सरकलं की खिळाही सरकवायचा, बोटभर वर, बोटभर खाली. जाणारा येणाऱ्याला शिकवून जायचा.”

अधिकारी टीपकागदाकडे बघत होता. “म्हणून साडेदहा वाजून गेले की तुम्ही लोक एकदम पाणी मागायचात.”

“त्याआधी घशाखाली उतरत नसे.”

“आम्हाला वाटायचं, मुद्दाम त्रास द्यायला.”  मग त्याने विचारलं, “आणि आभाळ असलं तर?”

“आभाळ असलं,” फूटपट्टी म्हणाला, “की दिवसभर साडेदहाच.”

यावर अधिकाऱ्याला काही बोलायचं असेल तर ते ऐकायला फूटपट्टी थांबला नाही. बाहेर मावशी उभीच होती. त्याचा हात सदऱ्यात, चेहरा पांढराफटक. ती घाबरली.

“मिळालं का? अरे बोल ना!”

त्याने होकाराची मान हलवली. दोघं जिना उतरून रस्त्यावर आली, दोन गल्ल्या ओलांडल्या, तेव्हा कुठे त्याने कागद बाहेर काढले. मावशीने ते उलटसुलट करून बघितले, शिक्का अंगठ्याने चोळून बघितला आणि भर रस्त्यात मोठ्याने हसली.

“कायमचा! आता कुणाच्या बापाला भ्यायचं नाही!”

“मावशी,” तो म्हणाला, “हे तुझ्याकडे ठेव.”

“माझ्याकडे? का?”

“घरी झडती झाली तर सापडतील.”

“अरे वेड्या, सापडायलाच पाहिजेत की! आता हे लपवायचं नसतं, दाखवायचं असतं. बायकोला दाखव. भिंतीवर लाव.”

“कळतंय मला,” तो म्हणाला. “सगळं कळतंय. तरी ठेव.”

मावशीच्या तोंडावर चार शिव्या आल्या होत्या. त्याच्या हाताकडे बघून तिने त्या गिळल्या, आणि कागद घडी करून पदरात बांधले. रंगाच्या कोठीत एका रिकाम्या डब्यात ते ठेवले गेले. फूटपट्टीने त्यानंतर सतरा वर्षं काम केलं. बोलका सिनेमा आला, काचेचं छत गेलं, दिवे आले. परवाना मागायला कुणी एकदाही आलं नाही. पण कामावर आल्यावर, हातोडी उचलायच्या आधी, तो रोज कोठीत जायचा, वरच्या फळीवरचा तो डबा जागेवर आहे ना ते बघायचा, आणि मगच कामाला लागायचा.

“आहे रे, आहे,” मावशी पाठमोरीच म्हणायची.

आणि तरी तो एकदा झाकण उघडून बघायचाच.